रोटरी पिन-प्रदान

रोटरी क्लबच्या नव्या सदस्याला सभेसमोर चक्रचिन्हाची पिन लावण्याचा विधी. मराठी क्लबांत याला सदस्यप्रवेश किंवा सरळ 'इंडक्शन' म्हणतात. 'पदग्रहण' हा शब्द अध्यक्ष-सचिवांच्या वार्षिक कार्यक्रमासाठी आहे.

चक्राचा इतिहास वळणावळणाचा आहे. शिकागोत २३ फेब्रुवारी १९०५ रोजी संघटना सुरू झाल्यावर लवकरच माँटेग्यू बेअर या कोरीवकाम करणाऱ्या सदस्याने घोडागाडीचे साधे चाक रेखाटले. ते निर्जीव दिसते अशी कुरकुर झाली, म्हणून त्याने खाली ढग काढले. ढग चाकाच्या पुढेमागे दोन्हीकडे उडालेल्या धुळीसारखे दिसू लागले, तेव्हा त्यांच्यावर नावाची पट्टी आली. सहा आरे व चोवीस दात्यांच्या दंतचक्राचे श्रेय अमेरिकेतील ड्यूलूथचा अभियंता ऑस्कर ब्यॉर्गे याच्याकडे जाते. वर्ष कुठे १९१८, तर कुठे १९१९ दिलेले आढळते. मधली खाच (की-वे) त्यानंतरची. पाचरीने जखडल्याशिवाय दांडा आतल्या आत फिरेल आणि चाक जागचे हलणार नाही, हा तंत्रज्ञांचा आक्षेप होता. खाचेसाठी १९२३ व १९२४ ही दोन्ही वर्षे सांगतात; अंतिम नमुन्याचे वर्ष म्हणून १९२४ धरणे अधिक सयुक्तिक.

विधीची सक्तीची संहिता नाही. सदस्यत्वही पिनेमुळे मिळत नाही. त्यासाठी संचालक मंडळाची मंजुरी व शुल्क लागते. सभेत सूचक, म्हणजे नाव सुचवणारा सदस्य, उमेदवाराची ओळख, व्यवसाय-वर्गीकरणासह, करून देतो. अध्यक्ष जबाबदाऱ्या वाचून दाखवतात आणि अध्यक्ष किंवा सूचक पिन लावतो. पुढे चतुःसूत्री कसोटीची (आचरण तपासण्याच्या रोटरीच्या चार प्रश्नांची) प्रत दिली जाते व नावाआधी 'रो.' (रोटेरियन) लागू लागते. महाराष्ट्रात शाल-श्रीफळही असते. पदग्रहणाच्याच दिवशी प्रवेश उरकले, तर ओळखीची नुसती यादी होते.

पिन डाव्या बाजूला, कोटाच्या कॉलरवरील काजापाशी, 'रोटरी' हा शब्द वर राहील अशी लावतात. एका खिळ्याची पिन स्वतःभोवती फिरते व अक्षरे उलटी होतात. मागची पकड घट्ट बसवावी. रेशमी साडीच्या पदराचा एकच थर वजनाने ओढला जातो, भोकही पडते; दोन-तीन निऱ्या एकत्र धरून टोचावी. चुंबकी पिन कापड वाचवते, मात्र पेसमेकर असलेल्यांनी ती वापरू नये.

भारतातील पहिला क्लब कलकत्त्याचा (१९१९-२०), मुंबईचा १९२९ मधला.