श्लिंगेनझीफ, क्रिस्टोफ

(२४ ऑक्टोबर १९६०–२१ ऑगस्ट २०१०). जर्मन चित्रपट व नाट्यदिग्दर्शक. जन्म रूर खोऱ्यातील ओबरहाउझेन येथे. वडील औषधविक्रेते. याच शहरात १९६२ मध्ये २६ तरुण चित्रपटकारांनी जुन्या सिनेमाशी काडीमोड घेणारा जाहीरनामा काढला होता. श्लिंगेनझीफ तेव्हा सोळा महिन्यांचे होते. केवळ जन्मगावावरून त्यांना त्या चळवळीचे वारस ठरवणे घाईचे होईल.

त्यांच्या शैलीतील प्रतिमांच्या सरमिसळीचा उगम ते स्वतः एका घरगुती अपघातात सांगत. साठच्या दशकाच्या उत्तरार्धात वडिलांनी समुद्रकिनारी चित्रण करताना तीच फीत चुकून दुसऱ्यांदा वापरली, आणि पडद्यावर आईवडिलांच्या पोटावरून अनोळखी माणसे चालू लागली. तांत्रिकदृष्ट्या हे सहज शक्य होते. घरगुती चित्रणाची ‘डबल ८’ ही फीत १६ मिमी. रुंद असे. तिची एक कड प्रकाशित झाली की रीळ उलटवून दुसरी कड वापरत आणि धुतल्यावर ती मधोमध चिरत. उलटवायचे राहिले, की एका चित्रावर दुसरे चढे. मात्र या हकिकतीला मुख्य आधार त्यांच्याच कथनाचा आहे. म्युल्हाइमचे प्रयोगशील चित्रपटकार आणि जुन्या दृक्-यंत्रांचे संग्राहक व्हेर्नर नेकेस यांच्याकडे ऐंशीच्या दशकाच्या प्रारंभी त्यांनी साहाय्यक म्हणून काम केले. ती उमेदवारी अधिक निर्णायक मानणे सयुक्तिक वाटते.

‘टुंगुस्का’ (१९८४) हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. खरी खळबळ उडाली ती जर्मनीविषयक चित्रत्रयीने. तीतील पहिला, हिटलरच्या अखेरच्या तासाचा चित्रपट (१९८९) म्युल्हाइममधील युद्धकालीन बंकरात एका हातदिव्याच्या उजेडात सुमारे १६ तासांत कृष्णधवल चित्रित केला. हिटलर झाले होते उडो कीअर. दुसऱ्यात (१९९०, मराठी शीर्षक ‘जर्मन साखळी-करवत हत्याकांड’) एकीकरणानंतर सीमा ओलांडणाऱ्या पूर्व जर्मनांचा पश्चिमेकडील एक खाटीक कुटुंब सॉसेज बनवते. ‘टेरर २०००’ (१९९२) हा तिसरा. यांतील आरडाओरडा आणि रक्तपात पाहून अनेकांनी त्यांना निव्वळ खोडकर ठरवले; एकीकरणाच्या उत्सवी भाषेवरील त्यांचा रोख त्या गदारोळात दुर्लक्षिला गेला.

१९९३ पासून बर्लिनच्या फोल्क्सब्यूने रंगभूमीशी त्यांचा संबंध आला. १९९८ च्या निवडणुकीसाठी त्यांनी ‘चान्स २०००’ हा पक्ष काढला. चान्सलर कोल यांचे सुटीतले घर बुडावे म्हणून साठ लाख बेकारांनी ऑस्ट्रियातील वोल्फगांग सरोवरात एकाच वेळी उतरावे, असे आवाहन त्यांनी केले. प्रत्यक्षात आली ती काहीशे माणसे. जून २००० मध्ये व्हिएन्नाच्या ऑपेराजवळ कंटेनरांत आश्रयार्थी ठेवून रोज मतदानाने दोघांना ‘हाकलण्याचा’ खेळ त्यांनी मांडला. वर फलक होता ‘परकीयांनो, चालते व्हा’. अति-उजवा पक्ष नुकताच सत्तेत आल्याने या उपहासाला धार होती. गंमत अशी, की आश्रयार्थींना ‘मुक्त’ करण्यासाठी कंटेनरांवर चाल करून आले ते डावे निदर्शक.

२००४ मध्ये बायरॉइट येथे त्यांनी वाग्नरचे ‘पार्सिफाल’ हे संगीतनाट्य बसवले. २००८ मध्ये फुप्फुसाच्या कर्करोगाचे निदान झाल्यावर आजारपणच त्यांच्या नाट्यप्रयोगांचा विषय झाले. बुर्किना फासोमधील ‘ऑपेराग्रामा’ची पायाभरणी फेब्रुवारी २०१० मध्ये झाली (वास्तुविशारद फ्रान्सिस केरे), तेथील शाळा त्यांच्या पश्चात सुरू झाली. बर्लिन येथे त्यांचे निधन झाले. २०११ च्या व्हेनिस बिएनाले या कलाप्रदर्शनात त्यांच्या कामावर आधारित जर्मन दालनाला ‘सुवर्णसिंह’ पुरस्कार मिळाला. दालनाच्या मुख्य सभागृहात ओबरहाउझेनचे ते चर्च पुन्हा उभारले होते, जेथे लहानपणी ते वेदीसेवक होते.