न खेळता वाढलेले २८० गुण

मार्च २०२४ मधली गोष्ट. मुलुंडच्या आमच्या सोसायटीतले तिसऱ्या मजल्यावरचे शेजारी पेढ्यांचा पुडा घेऊन दारात उभे. मुलाचं बुद्धिबळाचं रेटिंग १३०० वरून एकदम १५८० झालं होतं. कुठली स्पर्धा मारली, असं विचारलं तर म्हणाले, "स्पर्धा कसली! परीक्षेमुळे महिनाभर पटाला हात लावलेला नाही. पण जानेवारीत अंकशास्त्रवाल्याने नावाच्या स्पेलिंगमध्ये एक जादा 'ए' घालायला सांगितला होता. बघा, गुण आला."

आधी पेढा खाल्ला, मग त्यांना खरं काय ते सांगितलं. १ मार्चला फिडेने, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाने, १००० ते २००० च्या दरम्यानच्या सगळ्या खेळाडूंचं रेटिंग एका फटक्यात वाढवलं होतं. २००० ला जितके गुण कमी, त्याच्या ४० टक्के भर. १३०० वाल्याला ७०० कमी, म्हणून २८०. ब्राझीलमधल्या १३०० वाल्या पोरालाही तेवढेच मिळाले, नावाला हात न लावता. शेजारी हिरमुसले. "म्हणजे हे गुण खोटे?"

प्रश्न चांगला आहे. गुण खोटे नाहीत, पण ते पावसाच्या मिलिमीटरसारखेही नाहीत. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. हा आकडा १९७४ च्या किंवा चेरापुंजीच्या पावसाशेजारी बिनदिक्कत ठेवता येतो, कारण मिलिमीटर सगळीकडे सारखाच. बुद्धिबळाच्या रेटिंगला असा शून्य नाही. १५८० या एकट्या आकड्याला काही अर्थच नाही. अर्थ असतो तो दोन आकड्यांमधल्या फरकाला.

ही पद्धत अर्पाद एलो यांची. काही जण ई. एल. ओ. अशी टिंबं देऊन लिहितात, जणू काही लांबलचक नावाचं लघुरूप आहे. ते एका माणसाचं आडनाव आहे. जन्म १९०३, हंगेरी. लहानपणी अमेरिकेत गेले, मिलवॉकीला भौतिकशास्त्र शिकवलं आणि विस्कॉन्सिन राज्याचं बुद्धिबळ विजेतेपद आठ वेळा मिळवलं. अमेरिकन संघटनेने त्यांची पद्धत १९६० मध्ये घेतली, फिडेने १९७० मध्ये.

आता माझा आवडता भाग. तीन पत्तीत पत्ते वाटण्याआधी सगळे बूट, म्हणजे सुरुवातीचे पैसे, मध्ये टाकतात, तसं समजा की प्रत्येक डावाआधी दोघे खेळाडू आपापले काही गुण मध्ये ठेवतात. पॉट, म्हणजे मध्ये जमलेली रास, २० गुणांचा. दोघे बरोबरीचे असतील तर प्रत्येकी १०. पण एक १८०० चा आणि दुसरा १६०० चा असेल तर? एलोंच्या गणितानुसार २०० च्या फरकाला वरच्याने सरासरी शंभर डावांत ७६ गुण मिळवायला हवेत (हे रेटिंगचे गुण नव्हेत, डावाचे: विजयाला एक, बरोबरीला अर्धा). म्हणून तो ठेवतो १५.२ आणि खालचा ४.८. जिंकेल तो पॉट उचलतो, बरोबरी झाली तर १०-१०. म्हणजे वरचा जिंकला तर त्याची कमाई फक्त ४.८, हरला तर १५.२ गेले, आणि नुसती बरोबरी झाली तरी ५.२ चा फटका. दिग्गज खेळाडू नवख्याशी बरोबरी झाल्यावर तोंड आंबट का करतात, ते आता कळेल.

हे ७६ आले कुठून? फरकाला ४०० ने भागा, २०० ला मिळेल अर्धा. १० चा तेवढा घात घ्या, म्हणजे इथे १० चं वर्गमूळ, ३.१६. त्यात १ मिळवून ४.१६. १ भागिले ४.१६ म्हणजे ०.२४, हा खालच्याचा वाटा, उरलेला ०.७६ वरच्याचा. (फिडेचा तक्ता एलोंच्या मूळच्या घंटेच्या आकाराच्या वक्रावरून काढलेला आहे, त्यामुळे फरक मोठा असला की आकडे किंचित सरकतात. ४०० ला तक्ता ९२ म्हणतो, वरचं सूत्र ९१. आमच्या कट्ट्यावर यावरून एक अख्खी संध्याकाळ गेली आहे.)

यातली खरी गंमत अशी, की पॉटमधले गुण आकाशातून पडत नाहीत. साधारणपणे एकाचे जातात, ते दुसऱ्याला मिळतात. त्यामुळे सगळं अवलंबून असतं ते टेबलाभोवती कोण बसलंय यावर. मी सोसायटीतल्या वीस जणांना घेऊन दार लावून खेळत बसलो, तर आमचे आकडे आपसांत बरोबर राहतील. पण पुण्याच्या वीस जणांशी त्यांचा काडीचा संबंध उरणार नाही. मोबाईलच्या ॲपवर १९०० असलेला पोरगा स्पर्धेत १५०० ला अडकतो, तो काही तिथे घाबरत नाही. ते टेबलच वेगळं.

अमेरिकेत हे प्रत्यक्ष घडलं. क्लॉड ब्लडगुड हा आईच्या खुनाबद्दल व्हर्जिनियातल्या तुरुंगात होता. तो बरोबरच्या कैद्यांशी खेळत राहिला, हजारो डाव. १९९६ मध्ये त्याचं अमेरिकन रेटिंग २७०२ झालं आणि तो देशाच्या यादीत दुसरा आला. ही लबाडी होती की नुसतं गणित, यावर अजून वाद चालतो. पण कोणाला पॉटमधून काही चोरायची गरजच नव्हती; दार बंद असणं पुरेसं होतं.

आणि हे फक्त तुरुंगात होत नाही. १९८७ च्या जानेवारीत फिडेने खेळत असलेल्या सगळ्या स्त्री खेळाडूंना १०० गुण वाढवून दिले, हंगेरीच्या झुझा पोल्गार यांना सोडून. कारण असं, की स्त्रिया मुख्यतः आपसांतच खेळतात म्हणून त्यांचं टेबल वेगळं पडून आकडे खाली राहिलेत. पोल्गार पुरुषांविरुद्ध खेळतात, त्यांना भरपाई कशाला? रोगाचं निदान अगदीच चुकीचं नव्हतं. पण औषध असं, की एकही डाव न हरता पोल्गार यांचं पहिलं स्थान गेलं. दार लावलं कोणी, हे मात्र कोणी विचारलं नाही. आपल्या मुंबईच्या रोहिणी खाडिलकर १९७६ मध्ये पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या तेव्हा त्यालाही विरोध झाला होता.

आता शेजाऱ्यांच्या मुलाकडे वळू. मुलं भराभर सुधारतात, आकडा मागून धावतो. खेळ १७०० चा, रेटिंग १३०० चं, असा पोरगा समोर आला तर १७०० वाल्या काकांना २० च्या पॉटमध्ये १८ च्या वर ठेवावे लागतात, आणि खरी लढत असते अर्धी-अर्धी. सरासरी दर डावाला आठेक गुण गेले. अशी पोरं हजारोंनी आली की प्रौढांचे आकडे पाझरत जातात. मुलांचा आकडा लवकर वर यावा म्हणून अठरा वर्षांखालच्या, २३०० च्या आतल्या खेळाडूंचा पॉट ४० चा असतो, मोठ्यांचा २० चा, आणि २४०० गाठलेल्यांचा १० चा; असे दोघे समोरासमोर आले तर ज्याचा त्याचा हिशेब ज्याच्या त्याच्या पॉटने. तरी पाझर थांबेना. म्हणून २०२४ ची ती खालून भर.

या सगळ्यामुळे दोन वेगळ्या काळांतल्या जगज्जेत्यांमध्ये बॉबी फिशर मोठा की मॅग्नस कार्लसन, हा वाद रेटिंगने मिटत नाही. फिशरचं १९७२ मधलं रेटिंग २७८५, कार्लसनचं मे २०१४ मधलं २८८२. टेबलं दोन, मध्ये बेचाळीस वर्षं. फिशर आपल्या काळात दुसऱ्या क्रमांकाच्या स्पास्कीच्या १२५ गुण पुढे होता, एवढंच ठाम म्हणता येतं, आणि ते अफाटच आहे. त्याच टेबलावरचा क्रम मात्र अर्थपूर्ण असतो. जुलै १९८६ मध्ये विश्वनाथन आनंदने आपल्या मुंबईच्या प्रवीण ठिपसे यांच्याकडून भारतातलं पहिलं स्थान घेतलं, ते सप्टेंबर २०२३ मध्ये गुकेशने घेईपर्यंत, ३७ वर्षं, त्याच्याकडे राहिलं.

खुद्द एलो आपल्या पद्धतीबद्दल फार नम्र होते. ते म्हणत, हे म्हणजे खवळलेल्या पाण्यावर हेलकावणाऱ्या बुचाची जागा, वाऱ्यावर डुलणाऱ्या दोरीला बांधलेल्या गजाने मोजण्यासारखं आहे. जुलै २०२५ मध्ये बातूमीला महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत नागपूरची दिव्या देशमुख २४६३ ची होती, कोनेरू हम्पी २५४३. फरक ८०. हम्पीच्या वाट्याला शंभरातले ६१. उरलेल्या ३९ मध्ये दिव्या बसली, जिंकली, आणि एरवी लागणारे २५०० न गाठता, एकही नॉर्म (किताबासाठी लागणारी ठरावीक कामगिरी) न करता थेट ग्रँडमास्टर झाली. गणित चुकलं नव्हतं. ३९ म्हणजे शून्य नव्हे.

शेजाऱ्यांचा मुलगा पुढच्या दोन स्पर्धांत ६० गुण हरला. परवा लिफ्टमध्ये भेटले तेव्हा हळूच विचारत होते, तो जादा 'ए' काढून टाकावा का.