परागंदा व्हिएतनामींचे माहितीपट

व्हिएतनाम सोडून परदेशी वसलेल्या लोकांची ओळख आणि आठवणी यांचा शोध घेणारे माहितीपट. 30 एप्रिल 1975 रोजी दक्षिण व्हिएतनामची राजधानी सायगाव उत्तरेकडच्या साम्यवादी फौजांच्या हाती पडली आणि पुढच्या वीस वर्षांत सुमारे 8 लाख लोक होड्यांतून निसटून मलेशिया, थायलंड, फिलिपीन्स, हाँगकाँगच्या किनाऱ्यांना लागले. तिथून ते अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, फ्रान्स अशा देशांत पांगले. निघताना अनेकांच्या हाती घरातला एखादा फोटोही नव्हता. युद्धाचे चित्रीकरण मात्र अमेरिकी वृत्तवाहिन्यांकडे भरपूर होते; त्यात व्हिएतनामी माणूस बहुधा पळताना किंवा मरताना दिसतो, बोलताना क्वचितच. त्याला बोलते करणे हे या माहितीपटांचे मूळ काम.

या परंपरेतील सर्वांत महत्त्वाची कृती म्हणजे हनोईत जन्मलेल्या त्रिन्ह टी. मिन्ह-हा यांचा ‘सरनेम व्हिएत गिव्हन नेम नाम’ (1989). सुरुवातीला व्हिएतनाममधील स्त्रिया मुलाखती देत आहेत असे वाटते. हळूहळू कळते, की त्या कॅलिफोर्नियात राहणाऱ्या स्त्रिया असून फ्रान्समध्ये छापल्या गेलेल्या मुलाखती बोलून दाखवत आहेत. नंतर त्याच स्त्रिया स्वतःच्या आयुष्याविषयी बोलतात. कॅमेऱ्यासमोर सांगितलेली गोष्ट खरी का मानायची, हा प्रश्न इतक्या धीटपणे फार थोड्यांनी विचारला आहे.

दुक न्युएन यांचा ‘बोलिनाओ 52’ सरळ साक्षीवर उभा आहे. 1988 मध्ये 110 जणांना घेऊन निघालेली होडी 37 दिवस समुद्रात भरकटली. वाटेत भेटलेल्या अमेरिकी युद्धनौकेने थोडे अन्नपाणी दिले, पण कुणालाही वर घेतले नाही. फिलिपिनो कोळ्यांनी वाचवले तेव्हा 52 जण उरले होते. तगून राहण्यासाठी मृतांचे मांस खावे लागल्याची गोष्टही हा माहितीपट लपवत नाही, आणि सांगणाऱ्यांची अप्रतिष्ठाही होऊ देत नाही.

‘डॉटर फ्रॉम दानांग’ (2002) बिगर-व्हिएतनामी दिग्दर्शकांनी केला. 1975 मध्ये विमानाने अमेरिकेत दत्तक पाठवलेली मुलगी बावीस वर्षांनी आईला भेटते. आनंदाचे चार दिवस सरत नाहीत तोच नातलग आईच्या पालनपोषणासाठी पैशांची अपेक्षा बोलून दाखवतात आणि मुलगी कोलमडते. व्हिएतनाममध्ये ते मुलीचे कर्तव्यच. तिला मात्र ती मागणी वाटते. कॅमेरा तिच्या अश्रूंजवळ अधिक रेंगाळतो, भावंडांची बाजू तोकडी राहते.

परागंदा होण्याची सुरुवात 1975 पासूनच धरणे अपुरे आहे. लाम ले यांचा ‘काँग बिन्ह’ दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर फ्रान्सने आपल्या कारखान्यांसाठी नेलेल्या सुमारे 20,000 व्हिएतनामी मजुरांवर आहे. त्यांपैकी बहुतेकांना बळजबरीने नेले होते. दक्षिण फ्रान्समधील कामार्गच्या दलदलीत भातशेती रुजवली ती त्यांच्यातल्याच काहींनी. माहितीपटात बोलणारे हे मजूर चित्रीकरणाच्या वेळी नव्वदीच्या आसपास होते.