उसुई घाटाचा ऊर्जा-हिशेब

जपानमधील सामुराईंच्या १८५५ सालच्या दौडीविषयी कुठेही वाचायला घेतले, की 'मनोबलाच्या जोरावर' हे शब्द हमखास भेटतात. त्या माणसांचे कौतुक मलाही आहे. पण त्यांचे स्नायू नेमके कशावर चालले, हे समजून घेतल्यावर ते कौतुक कितीतरी वाढते.

आन्नाकाचे सरदार इताकुरा कात्सुआकिरा यांनी आपल्या पदरच्या सामुराईंचे शरीर कणखर व्हावे म्हणून त्यांना लहान लहान तुकड्यांनी, ऐन उन्हाळ्यात, किल्ल्यापासून उसुई घाटमाथ्यावरील कुमानो देवस्थानापर्यंत धावायला लावले. अंतर सुमारे २९ किलोमीटर, चढाई जवळजवळ १,००० मीटर, आणि त्यातला बराचसा चढ साकामोतो गाव मागे पडल्यावरचा.

सपाटीवर धावताना दर किलोग्रॅम वजनामागे दर किलोमीटरला साधारण १ किलोकॅलरी खर्च होते, म्हणजे ६० किलोच्या माणसाला २९ किलोमीटरसाठी १,७४० किलोकॅलरी लागतात. हेच वजन १,००० मीटर उचलण्याचे निव्वळ कार्य १४० किलोकॅलरींचे आहे. परंतु स्नायू अन्नातल्या ऊर्जेचा जेमतेम चौथा हिस्सा कार्यात उतरवतात आणि उरलेली उष्णता होऊन जाते, त्यामुळे चढाईसाठी आणखी ५६० किलोकॅलरी मोजाव्या लागतात. एकूण खर्च २,३०० झाला. यकृत आणि स्नायू मिळून ग्लायकोजेनचा, म्हणजे शरीराने साठवून ठेवलेल्या ग्लुकोजचा, साठा मात्र सुमारे ५०० ग्रॅमचा, म्हणजे २,००० किलोकॅलरींचा असतो. चरबी मुबलक असली तरी तिच्यापासून ऊर्जा संथपणे सुटते आणि तेवढ्याच ऊर्जेसाठी प्राणवायूही जास्त लागतो. त्यामुळे ग्लायकोजेन आटत आले की वेग आपोआप पडतो, आणि या वाटेवर ते आटण्याची वेळ नेमकी घाटातल्या उभ्या चढावर येते.

एकाच बाजूचा हात आणि पाय एकदम पुढे टाकण्याच्या गुप्त शैलीमुळे सामुराई थकत नसत, असा दावा हल्ली फार पसरवला जातो. हात कसेही हलवले तरी ६० किलो वजन १,००० मीटर वर नेण्याचे कार्य एका कॅलरीनेही घटत नाही, त्यामुळे या दाव्याला भुलण्याचे कारण नाही.

दौडीची नोंदवही १९५५ मध्ये घाटमाथ्यावर सापडली. त्याच माथ्यावर 'चिकारा मोची', म्हणजे बळ देणारी मोची, प्रसिद्ध आहे. कुटलेल्या चिकट भाताच्या या मऊ गोळ्यातला स्टार्च बहुतांशी अमायलोपेक्टिन या शाखायुक्त प्रकारचा असल्याने पचनाच्या विकरांना (एन्झाइम्सना) तो चटकन तोडता येतो, आणि रिकाम्या झालेल्या स्नायूंपर्यंत ग्लुकोज लवकर पोहोचते.