एनजेच्या चेहऱ्यामागचा पटकथाकार

तैवानी दिग्दर्शक एडवर्ड यांगच्या ‘यी यी’ या सिनेमातला (२०००) एनजे बघताना हा माणूस नट नसावा, असं सारखं वाटत राहतं. कॉम्प्युटर कंपनीतला भागीदार, घरी सासू कोमात, स्वतः पन्नाशीला टेकलेला. बोलतो कमी, ऐकतो जास्त. शंका रास्तच आहे. एनजे साकारणारा वू न्येन-जेन मुळात लेखक.

जन्म १९५२चा, उत्तर तैवानच्या रुईफांग भागातल्या खाणगावातला. वडील खाणकामगार, जपानी अमलात वाढलेले. जपानी १९४५ला गेले, पण वडिलांची ओढ शेवटपर्यंत जपानकडेच राहिली. मुलं मात्र क्वोमिंतांग या नव्या सत्ताधारी पक्षाच्या राजवटीतल्या शाळेत मँडरिन चिनी शिकत होती. बाप-लेकांमधलं हे अंतर आणि खाणीच्या धुळीने पोखरलेली वडिलांची फुप्फुसं, दोन्ही त्याने पुढे ‘अ बॉरोड लाइफ’मध्ये (१९९४) मांडली. दिग्दर्शक म्हणून हा त्याचा पहिला सिनेमा, आणि माझ्या मते त्याचं सर्वांत प्रामाणिक काम.

पुढे तो सेंट्रल मोशन पिक्चर कॉर्पोरेशनमध्ये लागला. हा स्टुडिओ सत्ताधारी पक्षाच्याच मालकीचा. गंमत अशी, की तैवानच्या ‘नव्या सिनेमा’ला, म्हणजे ऐंशीच्या दशकातल्या वास्तववादी सिनेमाच्या लाटेला, पहिली वाट इथेच मिळाली. याच लाटेतला दिग्दर्शक होउ श्याओ-श्येनच्या ‘डस्ट इन द विंड’ची (१९८६) कथा वूच्या स्वतःच्या तरुणपणातून आलेली: पोरगा लष्करी सेवेत जातो आणि त्याची पत्रं पोचवणाऱ्या पोस्टमनशीच त्याची मैत्रीण लग्न करते. लष्करी कायदा १९८७ला उठला. दोनच वर्षांत होउच्या ‘अ सिटी ऑफ सॅडनेस’ने क्वोमिंतांग सरकारने केलेल्या १९४७च्या हत्याकांडाचा विषय पडद्यावर आणला आणि व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळवला. त्याचीही पटकथा वू आणि चू त्येन-वेन यांची.

मग तो कॅमेऱ्यासमोर कसा आला? या मंडळींत पैसा कमी आणि दोस्ती जास्त. यांगच्या ‘ताइपेई स्टोरी’चा (१९८५) नायक खुद्द होउ, त्यासाठी घर गहाण ठेवणाराही तोच. को यी-चेन हा आणखी एक दिग्दर्शकही त्यात भूमिका करतो, आणि टॅक्सी चालवणारा जुना मित्र म्हणून दिसतो आपला वू. सिनेमा चार दिवसांत थेटरांतून उतरला. पंधरा वर्षांनी यांगने त्याच मित्राला थेट नायक केलं. एनजे ही आद्याक्षरं न्येन-जेनशीही जुळतात.

तैवानच्या घराघरांत मात्र तो ओळखीचा झाला तो टीव्हीवरच्या जाहिरातींतून, होक्कियन या तिथल्या बोलीतल्या त्याच्या खास आवाजामुळे.