‘आधीच कळायला हवं होतं’: मांजर गेल्यानंतरची टोचणी आणि मूत्रपिंडाचं गणित

“आठ दिवसांपूर्वीपर्यंत तर नीट खात होती हो.” जनावरांच्या दवाखान्यात बारा-चौदा वर्षांच्या मांजराचा रक्ताचा रिपोर्ट हातात आला की घरचे हमखास हे बोलतात. क्रिएटिनिन, म्हणजे मूत्रपिंडाने रक्तातून बाहेर टाकायचा टाकाऊ पदार्थ, भलतंच वाढलेलं असतं. सलाइन लागतं, आणि पुष्कळदा काही दिवसांतच मांजर जातं. रडणं ओसरतं, पण एक टोचणी उरते. पाणी जास्त पीत होती, वाळतही चालली होती, आपलंच लक्ष नव्हतं.

भेटायला येणारे म्हणतात, “स्वतःला दोष देऊ नकोस.” मायेने म्हणतात, पण त्याने फारसं काही होत नाही. ‘आपल्याला आधी कळू शकलं असतं’ हे मनाने गृहीत धरलेलं असतं, आणि ते खरं की खोटं हे कुणी तपासतच नाही. ते तपासता येतं.

मांजराच्या एकेका मूत्रपिंडात साधारण दोन लाख नेफ्रॉन असतात. रक्त गाळण्याचं काम त्यांचं. वय झालं की ते हळूहळू निकामी होऊ लागतात आणि गेलेला नेफ्रॉन पुन्हा तयार होत नाही. मात्र उरलेले नेफ्रॉन आकाराने वाढतात, जास्त रक्त गाळू लागतात. चार जणांचं घर दोघांच्या पगारावर चालावं तसं सगळं निभत राहतं आणि बाहेर पत्ता लागत नाही. सुमारे दोन तृतीयांश नेफ्रॉन गेले की लघवी घट्ट करण्याची ताकद कमी होते. तेव्हा कुठे मांजर वाटीतलं पाणी जास्त संपवू लागतं. तेही उन्हाळा असेल तर कुणाला खटकत नाही. रक्तातलं क्रिएटिनिन वाढतं ते त्याच्याही पुढे, जवळजवळ तीन चतुर्थांश काम बंद पडल्यावर. यात आणखी एक गोम आहे. क्रिएटिनिन तयार होतं स्नायूंमधून. म्हातारं मांजर वाळलेलं असेल तर ते मुळात कमीच बनतं आणि रिपोर्ट असायला हवा त्यापेक्षा बरा दिसतो. म्हणजे प्रयोगशाळेलाही चकवा बसतो, तिथे सोफ्यावर शेजारी बसलेल्या माणसाचं काय!

एसडीएमए नावाची एक चाचणी बिघाड बराच आधी दाखवू शकते. पण त्यासाठी धडधाकट दिसणारं मांजर पिंजऱ्यात घालून रक्त काढायला न्यावं लागतं.

वेदनेचंही तसंच. मांजराला दुखत असेल तर ते कुत्र्यासारखं विव्हळत येईलच असं नाही, बहुधा ते कपाटाखाली जाऊन बसतं. माँट्रियल विद्यापीठातल्या पशुवैद्यकांनी २०१९ मध्ये मांजराच्या चेहऱ्यावरून वेदना ओळखण्याची एक मोजपट्टी प्रसिद्ध केली. तिच्यात पाहायच्या गोष्टी पाच: कानांची ठेवण, डोळे किती मिटलेत, तोंडाभोवतीचा ताण, मिशा आणि डोकं खांद्यांच्या वर आहे की खाली. कान किंचित बाहेरच्या बाजूला वळणं, मिशा ताठ होणं, इतके बारीक हे फरक. संशोधकांना त्यासाठी चित्रफिती न्याहाळाव्या लागल्या.

मग आता मागे वळून पाहताना सगळं इतकं स्वच्छ का दिसतं? बारूख फिशहॉफ या मानसशास्त्रज्ञाने १९७५ मध्ये एक छान प्रयोग मांडला. विद्यार्थ्यांना त्याने १८१४ मधल्या इंग्रज-गुरखा संघर्षाचं वर्णन वाचायला दिलं. कुणाला सांगितलं की इंग्रज जिंकले, कुणाला गुरखे जिंकले, कुणाला कोंडी झाली. काहींना शेवट सांगितलाच नाही. ज्यांना जो शेवट सांगितला, त्यांना तोच आधीपासून जास्त संभवनीय वाटला. आपल्याला शेवट माहीत नाही असं समजून उत्तर द्या, असं सांगूनही फारसा फरक पडला नाही. शेवट कळला की वर्णनातले त्याला जुळणारे तपशील ठळक होतात, बाकीचे मागे पडतात. पश्चातबुद्धी ती हीच. पाण्याची रिकामी वाटी आज ‘लक्षण’ वाटते, त्या दिवशी ती फक्त रिकामी वाटी होती.

दुसरी टोचणी इंजेक्शनची. असाध्य दुखण्यात दयामरणाचा निर्णय घेतलेल्यांना पुढे कित्येक महिने एकच दृश्य छळतं: डोळे उघडेच राहिले, आणि सगळं संपल्यावर एकदा छाती हलली. तिला कळत होतं का? नाही. ते औषध म्हणजे भुलीच्या औषधाचीच मोठी मात्रा. त्याने आधी शुद्ध हरपते, श्वास आणि हृदय त्यानंतर थांबतं. पापण्या मिटायला स्नायू आवळावे लागतात, तो जोर उरलेला नसतो म्हणून डोळे उघडे राहतात. शेवटचा आचका ही मेंदूच्या तळाकडून आलेली प्रतिक्षिप्त क्रिया, जाणिवेशी तिचा संबंध नाही. हे डॉक्टरांनी आधीच सांगायला हवं. बरेच जण गडबडीत सांगत नाहीत.

“एका मांजरासाठी एवढं?” म्हणणाऱ्यांसाठी मी फार शाई खर्चणार नाही. समाज ज्याची दखल घेत नाही अशा दुःखाबद्दल शोकाचे अभ्यासक केनेथ डोका यांनी १९८९ पासून लिहिलं आहे आणि पाळीव प्राण्याचं जाणं त्यात मोडतं. आपल्याकडे साताऱ्याजवळ संगम माहुलीला छत्रपती शाहूंच्या कुत्र्याची समाधी आजही दाखवतात. मुंबई महापालिकेनेही २०२३ मध्ये मालाडला पाळीव प्राण्यांच्या दहनाची सोय केली.

घरात दुसरं मांजर असेल तर एक काम मात्र करण्याजोगं आहे. मूत्रपिंडाचा आजार झालेल्या ५६९ मांजरांच्या नोंदी तपासून २०१६ मध्ये असं दिसलं की वजन निदानाच्या तीन वर्षं आधीपासून घटू लागतं. निदानापूर्वीच्या वर्षातली घट साधारण नऊ टक्के होती. चार किलोच्या मांजरात हे साडेतीनशे ग्रॅम होतात आणि दाट केसांखाली डोळ्यांना ते जाणवत नाहीत. काट्याला जाणवतात. महिन्यातून एकदा मांजर कडेवर घेऊन काट्यावर उभं राहायचं, मग एकट्याने, आणि वजाबाकी तारखेसह कॅलेंडरवर लिहायची. अर्थात, मांजर कडेवर थांबायला तयार असेल तर.