मोठं तोंड की लहान तोंड? जँगो राईनहार्टच्या दोन गिटारी

जॅझ गिटारवादक जँगो राईनहार्टचे जुने फोटो नीट पाहिले तर त्याच्या हातात नेहमी एकच गिटार दिसत नाही. दोन्ही पॅरिसच्या सेल्मर कंपनीच्या, दोन्हींचा एक खांदा कापलेला, दोन्हींच्या तारा घोडीवरून (तारा टेकतात त्या पट्टीवरून) जाऊन मागच्या टेलपीसला, म्हणजे तारा अडकवायच्या तुकड्याला, अडकवलेल्या. फरक चटकन दिसतो तो छिद्रात. एकीला डी अक्षरासारखं रुंद छिद्र, तिला फ्रेंच वादक ‘ग्रांद बूश’ म्हणजे मोठं तोंड म्हणतात. दुसरीला लहान लंबगोल छिद्र, ती ‘पतीत बूश’. पण खरा फरक नेकमध्ये, म्हणजे गिटारच्या दांड्यात आहे. मधल्या काळात सरमिसळ असलेली मॉडेलंही निघाली, म्हणून छिद्रावर विसंबू नका, दांड्यावरच्या आडव्या धातूच्या पट्ट्या, म्हणजे फ्रेट, मोजा.

मोठ्या तोंडाची गिटार १९३२ मध्ये आली. ती घडवली मारिओ माकाफेरीने. तो इटालियन कारागीर होता आणि स्वतः शास्त्रीय गिटार वाजवायचा. त्यामुळे नेक शास्त्रीय गिटारसारखा, बाराव्या फ्रेटला पोटाला मिळणारा. तारेची कंपणारी लांबी साधारण ६४० ते ६४८ मिलिमीटर. आवाज वाढावा म्हणून अनेक गिटारींच्या पोटात त्याने लाकडाची आणखी एक पेटी बसवली होती. ती सैल झाली की खडखडायची, म्हणून पुष्कळ मालकांनी ती काढूनच टाकली. माकाफेरी लवकरच सेल्मरमधून बाहेर पडला. तरीही पुढे बनलेल्या लंबगोल छिद्राच्या गिटारींना लोक सर्रास त्याचंच नाव देतात.

लंबगोल छिद्राच्या गिटारीत नेक चौदाव्या फ्रेटला मिळतो आणि लांबी ६७० मिलिमीटर. आकडे जवळचे वाटतात, हाताला मात्र ते कळतात. तीच तार त्याच स्वराला लावली तर ताण सुमारे ७ ते १० टक्के वाढतो. पहिल्या फ्रेटचं अंतरही मिलिमीटरभराने मोठं. आवाज टोकदार, किंचित नाकातला, व्हायोलिनशेजारीही वेगळा ऐकू येणारा. मोठ्या तोंडाचा आवाज कोरडा आणि भरीव, ‘ला पोंप’ या साथीच्या ठेक्यासाठी उत्तम. तिला कमी प्रतीची समजणं चूक आहे. १९३४ मध्ये व्हायोलिनवादक स्तेफान ग्रापेलीबरोबर हॉट क्लबचं पंचक, म्हणजे पाच वादकांचा जॅझ संच, सुरू झालं, त्या सुरुवातीच्या काळात जँगो स्वतः हीच वाजवत होता.

पुढे तो लंबगोलाकडे वळला, आणि त्याच्या हाताला ती जास्त शोभली असं आम्हाला वाटतं. १९२८ च्या आगीत त्याच्या डाव्या हाताची अनामिका आणि करंगळी निकामी झाली होती. एकल वादन तर्जनी आणि मधल्या बोटावर, तारेवरून लांबवर सरकत चालायचं. अशा हाताला दोन जादा मोकळे फ्रेट म्हणजे मोठीच सोय. १९४० मध्ये बनलेली त्याची ५०३ क्रमांकाची गिटार पॅरिसच्या संगीत संग्रहालयात आहे. ती लंबगोल छिद्राचीच.

आज या धाटणीची नवी गिटार घेणारे हमखास चुकतात ते तारांत. नेहमीच्या अकूस्टिकच्या १२ गेजच्या (गेज म्हणजे तारेची जाडी) ब्राँझ तारा चढवल्या की पातळ तबलीवर, म्हणजे पोटाच्या वरच्या फळीवर, जास्तीचा दाब येतो, आवाज गुदमरतो आणि कालांतराने तबली खचू शकते. इथे तांब्यावर चांदीचा मुलामा दिलेल्या गुंडाळीच्या, १० किंवा ११ गेजच्या तारा लागतात.

दुसरी गोची घोडीची. ती चिकटवलेली नसते, तारांच्या दाबावर उभी असते. सगळ्या तारा एकदम काढल्या की तिची जागा जाते. म्हणून एकेक तार बदला. जागा गेलीच, तर नटपासून (नेकच्या वरच्या टोकाला तारा टेकतात त्या पट्टीपासून) बाराव्या फ्रेटपर्यंतचं अंतर मोजा आणि घोडी बाराव्या फ्रेटपासून तेवढ्याच अंतरावर ठेवा. ६७० च्या गिटारीत ते ३३५ मिलिमीटर. मग बाराव्या फ्रेटवरचा हार्मोनिक (तारेला नुसता स्पर्श करून काढलेला स्वर) आणि दाबून वाजवलेला स्वर ताडून पाहा. दाबलेला स्वर चढा लागला तर घोडी टेलपीसकडे सरकवा, उतरा लागला तर नेककडे. दर वेळी केसभरच, आणि तारा थोड्या सैल करून. जाड तारांच्या बाजूला घोडी किंचित मागे राहते, ते बरोबरच आहे.